पुण्याच्या ‘ससून’ला ज्यांचं नाव आहे ते बगदादहून पळून आले होते, आणि त्यांच्या धंद्यातली अफू शिरपूरच्या रस्त्यावरूनही मुंबईला जायची

पुण्यात कुणाला ‘ससूनला नेलंय’ म्हटलं की पुढचं काही सांगावं लागत नाही. महात्मा गांधी येरवड्याच्या तुरुंगात असताना जानेवारी १९२४ मध्ये त्यांच्या अपेंडिक्सचं ऑपरेशन झालं, तेही ससूनमध्येच. मुंबईत गेलात तर पहाटेच्या मासळी बाजारासाठी प्रसिद्ध असलेला ससून डॉक आहे आणि काळा घोड्याजवळ डेव्हिड ससून लायब्ररी आहे.

पण हे ससून म्हणजे नेमके कोण, असं विचारलं तर बरेच जण ‘कुणीतरी इंग्रज असेल’ म्हणून मोकळे होतात.

ते इंग्रज नव्हते. ते बगदादचे ज्यू होते आणि जीव वाचवण्यासाठी पळून मुंबईला आले होते. त्यांना आयुष्यभर इंग्रजी आलं नाही. आणि ज्या धंद्यात त्यांच्या घराण्याने सगळ्यात जास्त नाव आणि पैसा कमावला, त्या धंद्याचा एक रस्ता थेट आपल्या खानदेशातून, शिरपूरवरून जात होता.

तर ही गोष्ट सुरुवातीपासून बघू.

बगदादच्या खजिनदाराचा मुलगा

डेव्हिड ससून यांचा जन्म १७९२ सालचा, बगदादमधला. त्या वेळी बगदाद ऑटोमन साम्राज्यात होतं. तिथल्या पाशांच्या दरबारात खजिना सांभाळायचं काम त्यांच्या वडिलांकडे होतं. सावकारी, सराफी, व्यापार असं सगळं घरात होतं. शहरातल्या ज्यू समाजाचं नेतृत्वही याच घराकडे होतं.

पण १८२० च्या दशकात बगदादचा पाशा दाऊद याने श्रीमंत ज्यूंकडून पैसा उकळायला सुरुवात केली. डेव्हिड यांना पकडण्यात आलं. वडिलांनी पैसे भरून त्यांना सोडवलं आणि लगेच शहराबाहेर काढलं. ते बसरामार्गे इराणच्या किनाऱ्यावरच्या बुशहर बंदरात पोहोचले. मागोमाग वडीलही आले, पण तिथेच वारले. पळताना डेव्हिड यांनी कपड्यांच्या आत मोती शिवून घेतले होते, अशीही एक गोष्ट सांगितली जाते.

बुशहरमध्ये त्यांची गाठ इंग्रजांच्या मुंबईशी व्यापार करणाऱ्यांशी पडली. १८३२ च्या सुमारास ते बायकामुलांना घेऊन मुंबईत आले. वय होतं चाळीस.

चाळिशीत परक्या गावात नव्याने सुरुवात करायची म्हणजे सोपं काम नव्हतं. पण त्यांच्याकडे एक भांडवल होतं, ते म्हणजे ओळखी आणि भाषा. हिब्रू, अरबी, फारसी, तुर्की त्यांना येत होत्या, हिंदुस्थानी त्यांनी इथे शिकून घेतली. बगदाद, बसरा, बुशहर इथल्या व्यापाऱ्यांचा त्यांच्या शब्दावर विश्वास होता. मँचेस्टरचं कापड इराणच्या आखाताकडे पाठवायचं आणि तिकडचा माल मुंबईत आणून विकायचा, अशी पेढी सुरू झाली.

१८५३ मध्ये त्यांना ब्रिटिश नागरिकत्व मिळालं. तेव्हाच्या कागदावर त्यांनी सही केली ती हिब्रूत. पेहरावही शेवटपर्यंत बगदादचाच राहिला, पायघोळ झगा आणि डोक्याला फेटा.

मग अफू कुठून आली?

डेव्हिड मुंबईत आले त्याच सुमारास दोन मोठे बदल झाले होते.

पहिला म्हणजे, १८३३ च्या कायद्याने चीनच्या व्यापारावरची ईस्ट इंडिया कंपनीची मक्तेदारी संपली. आता कुणीही खासगी व्यापारी चीनशी धंदा करू शकत होता.

दुसरा बदल माळव्याच्या अफूचा. हिंदुस्थानात अफू दोन मोठ्या भागांत पिकायची. एक बिहार-बनारसचा पट्टा. तिथे कंपनीचीच मक्तेदारी होती. शेतकऱ्याने अफू कंपनीलाच विकायची आणि कंपनीने तिचा कलकत्त्याला लिलाव करायचा. दुसरा पट्टा माळव्याचा, म्हणजे इंदूर, उज्जैन, मंदसौर, रतलामचा भाग. इथे होळकर, शिंदे आणि इतर संस्थानिकांचं राज्य होतं, त्यामुळे कंपनीला थेट हात घालता येत नव्हता. माळव्याचे व्यापारी आपली अफू कंपनीची नजर चुकवून राजस्थानातून कराचीला किंवा पोर्तुगीजांच्या दमणला न्यायचे आणि तिथून ती चीनला जायची.

कंपनीने ही चोरवाट बंद करायचा बराच प्रयत्न केला. जमलं नाही तेव्हा वेगळी युक्ती काढली. १८३० च्या सुमारास ठरलं की माळव्याची अफू उघडपणे मुंबईला आणा, फक्त पेटीमागे परवान्याचे पैसे भरा. सुरुवातीला हा दर पेटीला १७५ रुपये होता. मध्ये तो उतरवला गेला. पण १८४३ मध्ये इंग्रजांनी सिंध जिंकलं, कराचीची वाट बंद झाली आणि दर चढत गेला. १८४० च्या दशकाच्या अखेरीस तो ४०० रुपयांवर पोहोचला होता. अफूची एक पेटी म्हणजे साधारण ६० ते ६५ किलो माल.

आता नकाशा डोळ्यांसमोर आणा. इंदूरहून निघालं की महू, सेंधवा, मग बिजासन घाट. घाट उतरला की पळासनेर, शिरपूर. पुढे सावळद्याला तापी ओलांडायची, धुळे गाठायचं आणि मालेगाव, नाशिक करत मुंबई. हाच आपला मुंबई-आग्रा रस्ता. माळव्यातून मुंबईला माल आणायचा हा एक मोठा मार्ग होता आणि त्या मालात कापूस होता, धान्य होतं, तशी अफूही होती. आज जिथून ट्रक आणि कंटेनर धावतात तिथून तेव्हा बैलगाड्यांच्या रांगा जायच्या.

म्हणजे शिरपूरच्या परिसरातल्या माणसाने मुंबईच्या ससूनचं नाव कधी ऐकलं नसेल. पण ज्या मालावर मुंबईच्या पेढ्या मोठ्या झाल्या, तो माल त्याने दारावरून जाताना पाहिला असणार.

चीनमध्ये काय चाललं होतं?

चीनमध्ये अफूवर बंदी होती. तरीही ती चोरून जात होती आणि लाखो लोक तिच्या आहारी गेले होते. १८३९ मध्ये सम्राटाचा अधिकारी लिन त्सेश्यू याने परदेशी व्यापाऱ्यांकडून २० हजारांहून जास्त पेट्या जप्त करून नष्ट केल्या. त्यावरून इंग्रजांनी चीनवर युद्ध लादलं. १८४२ मध्ये नानकिंगचा तह झाला, हाँगकाँग इंग्रजांकडे गेलं आणि पाच बंदरं व्यापाराला खुली झाली.

डेव्हिड यांना आठ मुलगे होते. तह झाल्यावर दोनच वर्षांत, १८४४ मध्ये, त्यांनी दुसऱ्या मुलाला, इलायस याला चीनला पाठवलं. पुढे इतर मुलगेही आळीपाळीने हाँगकाँग, शांघायला जाऊन बसायला लागले. बाकीच्या पेढ्यांना परक्या दलालांवर अवलंबून राहावं लागायचं. ससूनांचा माणूस दोन्ही टोकांना घरचाच होता.

पेढीची पद्धतही वेगळी होती. माल बाजारात येण्याआधीच ती व्यापाऱ्यांना आगाऊ रक्कम द्यायची. व्यापारी तीच पुढे खाली शेतकऱ्यांपर्यंत पोहोचवायचे. त्यामुळे माल आधीच बांधला जायचा. आजच्या भाषेत सांगायचं तर ससून नुसते व्यापारी नव्हते, ते त्या पिकातले गुंतवणूकदार होते.

डेव्हिड यांच्या हयातीत अफूच्या धंद्यात त्यांच्यापेक्षा मोठी नावं होती. जार्डिन मॅथिसन ही ब्रिटिश पेढी सगळ्यात वर होती. मुंबईत तिचे भागीदार होते जमशेटजी जीजीभाई. होय, जे. जे. हॉस्पिटलवाले जमशेटजी. पण डेव्हिड यांनी बसवलेली घडी इतकी पक्की होती की १८७० च्या दशकाच्या सुरुवातीला, त्यांच्यानंतर काही वर्षांतच, अफूच्या साठ्यातला सुमारे ७० टक्के माल ससून घराण्याच्या हातात असल्याचा अंदाज केला गेला. त्याच सुमारास जार्डिन मॅथिसनने या धंद्यातून अंग काढून घेतलं.

अफू हा एकच धंदा होता असंही नाही. कापड होतं, जमिनी होत्या आणि कापूस होता. १८६१ ते १८६५ अमेरिकेत यादवी युद्ध चाललं, तिकडचा कापूस इंग्लंडला मिळेना आणि मुंबईच्या कापसाला सोन्याचा भाव आला. खानदेशातल्या कापूसवाल्या शेतकऱ्यानेही ती तेजी पाहिली. मुंबईत ज्यांच्या हाती पैसा खेळला त्यांत ससून होतेच.

एकाच रस्त्यावरची दोन माणसं

१८५७ चा उठाव झाला तेव्हा डेव्हिड ससून यांनी मुंबईचे गव्हर्नर लॉर्ड एल्फिन्स्टन यांना कळवलं की सरकारला लागेल ती मदत करायला आमचा ज्यू समाज तयार आहे. पाशाच्या कैदेतून सुटून आलेल्या माणसाला इंग्रजांच्या राज्यात पहिल्यांदा सुरक्षितता मिळाली होती. ते राज्य जाऊ नये असं त्यांना वाटणं समजण्यासारखं आहे.

त्याच वर्षी शिरपूरच्या वरच्या घाटात काय झालं? सेंधव्याच्या घाटाची राखण करण्याचं काम ज्यांच्याकडे होतं ते भिल्ल नाईक खाज्या यांनी इंग्रजांविरुद्ध हत्यार उपसलं. भीमा नाईक त्यांच्या जोडीला होते. इंदूरहून मुंबईकडे निघालेला सुमारे ७ लाख रुपयांचा खजिना त्यांच्या माणसांनी लुटला. एप्रिल १८५८ मध्ये अंबापाणीला मोठी लढाई झाली. भिल्लांची मोठी हानी झाली. पुढे खाज्या नाईक दगाफटक्याने मारले गेले.

रस्ता एकच होता. एका टोकाला बसलेल्या माणसाला तो सुरक्षित राहायला हवा होता, कारण त्यावर त्याचा धंदा चालत होता. डोंगरातल्या माणसाला तो रस्ता म्हणजे आपल्या मुलखातून बाहेर जाणारी संपत्ती वाटत होती. डेव्हिड ससून आणि खाज्या नाईक यांना एकमेकांची नावंही माहीत असण्याचं कारण नाही. तरी दोघांच्या गोष्टी शेजारी ठेवल्या की त्या काळाचा व्यवहार स्पष्ट दिसतो.

आणि दिलं किती?

आता दुसरी बाजू. ज्यू परंपरेत मिळकतीचा दहावा हिस्सा धर्मादाय करायची रीत आहे. डेव्हिड कर्मठ होते, शनिवारी धंदा बंद म्हणजे बंद. दानाचीही रीत त्यांनी पाळली आणि ती आपल्या समाजापुरती ठेवली नाही.

बगदादहून परागंदा होऊन येणाऱ्या ज्यूंना पेढीत काम, राहायला जागा आणि मुलांना शाळा मिळायची. भायखळ्याचं मागेन डेव्हिड सिनेगॉग त्यांनीच बांधलं. इथे एक गोष्ट सांगायला हवी. आपल्या कोकणात शेकडो वर्षांपासून मराठी बोलणारे ज्यू होते, बेने इस्रायल. शनिवारी घाणा बंद ठेवतात म्हणून लोक त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत. बगदादी ज्यू मात्र या मराठी ज्यूंना पूर्ण आपल्यातलं मानत नव्हते. म्हणजे दानशूर घराणं असलं तरी त्या काळाचे भेदभाव त्यांच्या समाजातही होतेच.

१८५७ मध्ये मुंबईत बालगुन्हेगार आणि अनाथ मुलांना तुरुंगाऐवजी हातचा धंदा शिकवणारी संस्था त्यांच्या मदतीने उभी राहिली. माहीमची डेव्हिड ससून औद्योगिक शाळा ती हीच. मुंबईच्या टांकसाळीतल्या आणि सरकारी गोदीतल्या कारागिरांनी १८४७ मध्ये वाचनासाठी एक मंडळ काढलं होतं. त्याच्या इमारतीसाठी डेव्हिड यांनी ६० हजार रुपये दिले. तीच आजची डेव्हिड ससून लायब्ररी.

आयुष्याच्या शेवटी शेवटी त्यांनी पुण्यात बरंच राहायला सुरुवात केली होती. १८६३ मध्ये दोन कामं सुरू झाली. एक कॅम्पातलं ओहेल डेव्हिड सिनेगॉग. लाल विटांचं म्हणून पुणेकर त्याला ‘लाल देऊळ’ म्हणतात. दुसरं ससून हॉस्पिटल. अट साधी होती, जात-धर्म न बघता सगळ्यांवर उपचार व्हावेत.

७ नोव्हेंबर १८६४ रोजी पुण्यातल्या घरी डेव्हिड ससून वारले. हॉस्पिटल आणि लाल देऊळ पूर्ण झालं १८६७ मध्ये, लायब्ररीची इमारत १८७० मध्ये. म्हणजे आज ज्या तीन वास्तूंमुळे आपण त्यांचं नाव घेतो, त्यांतली एकही त्यांनी पूर्ण झालेली पाहिली नाही. त्यांची समाधी लाल देवळाच्या आवारातच आहे.

सुरुवातीला ससून हॉस्पिटलमध्ये १४४ रुग्णांची सोय होती. १८७८ मध्ये बैरामजी जीजीभाईंच्या नावाने तिथे वैद्यकीय शाळा निघाली, ती पुढे बी. जे. मेडिकल कॉलेज झाली. आज हजाराहून जास्त खाटांच्या या सरकारी हॉस्पिटलात महाराष्ट्राच्या कानाकोपऱ्यातून माणसं येतात.

घराणं कुठे गेलं?

थोरला मुलगा अब्दुल्ला पुढे ‘अल्बर्ट’ झाला. ससून डॉक त्याने १८७५ मध्ये बांधून पूर्ण केला. प्रिन्स ऑफ वेल्सचा घोड्यावरचा पुतळा १८७९ मध्ये मुंबईला त्यानेच भेट दिला. त्यावरूनच ‘काळा घोडा’ हे नाव पडलं. तो पुतळा १९६५ मध्ये राणीच्या बागेत हलवला, नाव मात्र तिथेच राहिलं. अल्बर्ट इंग्लंडला जाऊन सरदार झाला आणि राजघराण्याच्या मित्रमंडळात बसला.

इलायसने १८६७ मध्ये वेगळी पेढी काढली. त्या शाखेने मुंबईत मोठ्या कापड गिरण्या चालवल्या. त्याच शाखेतल्या व्हिक्टर ससूनने शांघायला प्रसिद्ध कॅथे हॉटेल बांधलं. पहिल्या महायुद्धावर कविता लिहिणारा सिगफ्रीड ससून हा डेव्हिड यांचा पणतू. चीनला जाणारी हिंदुस्थानची अफू १९१३ मध्ये थांबली. त्यानंतर काही दशकांत मुंबईतून पेढ्या गेल्या, घराणंही पांगलं.

मग आपण काय म्हणायचं, पुण्यवान की पापी?

हा प्रश्न फक्त आपल्याकडचा नाही. अमेरिकेतलं सॅकलर घराणं असंच मोठं दानशूर. जगभरच्या म्युझियमांवर त्यांचं नाव होतं. पण त्यांच्या कंपनीच्या ‘ऑक्सिकॉन्टिन’ या वेदनाशामक गोळीने अमेरिकेत व्यसनाची साथ पसरायला हातभार लावला, हे बाहेर आलं. पॅरिसच्या लूव्र म्युझियमने २०१९ मध्ये आणि न्यूयॉर्कच्या मेट म्युझियमने २०२१ मध्ये त्यांचं नाव दालनांवरून काढलं. गंमत म्हणजे त्या गोळीतला ऑक्सिकोडोन हा घटकही बनतो तो खसखशीच्याच झाडातल्या द्रव्यापासून.

मग ससूनचंही नाव काढायचं का? इथे दोन गोष्टी लक्षात घ्याव्या लागतात.

एक, सॅकलरांच्या कंपनीने गोळीच्या धोक्याबद्दल लोकांची दिशाभूल केल्याचं कोर्टात कबूल केलं. ससूनांचा धंदा चीनच्या कायद्याने गुन्हा होता, पण ब्रिटिश हिंदुस्थानात उघड आणि परवानाधारक होता. सरकारच त्यातलं सगळ्यात मोठं भागीदार होतं. एकोणिसाव्या शतकात एक वेळ अशी होती की ब्रिटिश हिंदुस्थानच्या सरकारी उत्पन्नाचा साधारण सातवा हिस्सा अफूतून येत होता. म्हणजे त्या काळातल्या सरकारी रस्त्यांमध्ये, कचेऱ्यांमध्ये, कॉलेजांमध्येही तोच पैसा मिसळलेला आहे. एका घराण्याचं नाव पुसून तो निघत नाही.

दोन, म्हणून हिशेब मिटतो असंही नाही. दान ज्यांना मिळालं ते पुण्या-मुंबईतले लोक होते. किंमत मोजली ती दुसऱ्यांनी, म्हणजे चीनमधल्या घराघरांनी आणि आगाऊ पैशाच्या साखळीत बांधल्या गेलेल्या माळव्यातल्या शेतकऱ्याने. ससून हॉस्पिटलात बरा झालेला रुग्ण आणि शांघायच्या अफूच्या अड्ड्यात संपलेला माणूस एकाच वहीच्या दोन पानांवर आहेत. जमेचं पान आपल्या गावात उघडं राहिलं आणि खर्चाचं पान समुद्रापलीकडे गेलं, म्हणून आपल्याला एकच पान वाचायची सवय लागली.

डेव्हिड ससून यांना नुसतं ‘अफूवाला’ म्हटलं तर बगदादहून जीव मुठीत घेऊन आलेला आणि परक्या शहरातल्या अनाथ मुलांसाठी पैसा देणारा माणूस हरवतो. त्यांना नुसतं ‘दानशूर’ म्हटलं तर बिजासन घाट, शिरपूर, तापी आणि चीनची बंदरं हरवतात. दोन्ही एकत्र सांगणं अवघड नाही, फक्त पाटीवरच्या नावापाशी न थांबता जरा मागे जावं लागतं.

माळव्यात मंदसौर-नीमचच्या शेतांत अफू आजही पिकते, आता ती केंद्र सरकारच्या परवान्याने आणि औषधांसाठी. शिरपूरवरून जाणारा रस्ताही आहेच, आता चौपदरी. आणि ससूनच्या बाहेर आजही केसपेपरसाठी रांग लागते. त्या रांगेतल्या कुणालाही पैसा कुठून आला हे विचारायची गरज नाही, उपचार हा त्याचा हक्कच आहे. ते विचारायचं काम बाकीच्या आपल्या सगळ्यांचं आहे, विशेषतः पुढच्या वेळी कुणा मोठ्या देणगीदाराच्या नावाची कोनशिला बसताना टाळ्या वाजवू तेव्हा.